परसातलं डॅमसन: कधी छाटायचं, कधी तोडायचं

परसदार | 19 ऑगस्ट 2025

मंडळी, गेल्या आठवड्यात बर्मिंगहॅमच्या मैत्रिणीने फोटो पाठवला. नव्या घराच्या मागच्या कुंपणात निळीशार फळं लगडलेली. "एक चावून बघितलं तर दात आंबले आणि जीभ अशी जड झाली की नंतर चहाची चवही कळेना. विषारी नाही ना गं?" बघितल्या बघितल्या ओळखलं. डॅमसन. पुढचं वाक्य वाचून मात्र पोटात गोळा आला. ही झाडं फार माजलीत, जानेवारीत माणूस लावून सगळी छाटून घेणार आहे, असं तिने लिहिलं होतं.

तिला फोनवर तासभर जे सांगितलं तेच इथे लिहून ठेवतेय. इंग्लंडात जुनं घर घेतलं की हे झाड पुष्कळदा आयतं पदरात पडतं आणि माहिती नसली की हातचं जातं. माझी दोन गेली.

आम्ही 2016 च्या नोव्हेंबरात श्रॉपशायरमध्ये, लडलोपासून थोडं आत, घर घेतलं. (पुण्यात ज्या नावाची बिस्किटं खात मोठी झाले ते श्रूसबेरी याच परगण्याचं मुख्य गाव, याचं मला इथे आल्यावर फार अप्रूप वाटलं.) मागच्या बाजूला हॉथॉर्नचं काटेरी कुंपण आणि त्यातच ओळीने पाच वाकडीतिकडी झाडं. हिवाळ्यात ती वाळक्या काटक्यांसारखी दिसत. एप्रिलमध्ये पानं यायच्या आधीच सगळी पांढऱ्या फुलांनी भरून गेली. शेजारचे आजोबा कुंपणापलीकडून म्हणाले, "हे श्रॉपशायर प्रून. तुमच्या घराहून जुनं असेल." हाच वाण उत्तरेला कंब्रियात वेस्टमोरलंड डॅमसन म्हणून ओळखतात. केंडलजवळचं लिथ खोरं त्यासाठी प्रसिद्ध आहे, तिथे फुलांच्या दिवसांत मुद्दाम बघायला माणसं जातात.

फळ कसं, तर टपोऱ्या जांभळाएवढं, लांबट, गडद निळं, वर पांढरट मेणाचा पातळ थर. बोट फिरवलं की थर पुसला जातो आणि खालून काळी चकचकीत साल दिसते. आत हिरवट-पिवळा गर, बाठीला घट्ट चिकटलेला. आलुबुखाराच्या कुळातलंच, पण आलुबुखार जसा रस गळत खातो तसं हे खायचं नाही. आंबट आणि तुरट दोन्ही. ते शिजलं की मात्र त्याच्यासारखं दुसरं फळ नाही, हे मी मनापासून सांगते. नाव दमास्कसवरून आलंय.

आता छाटणी. 2018 च्या फेब्रुवारीत आम्ही एका माणसाला बोलावलं. सफरचंद आणि पेअरची छाटणी हिवाळ्यात करतात, तशी त्याने डॅमसनचीही केली. पाचही झाडांच्या मनगटाएवढ्या फांद्या कापल्या. आठवडाभर भिजपाऊस. काम सुबक दिसत होतं, मीच त्याला चहा-बिस्किटं दिली होती. 2019 च्या जूनमध्ये दोन झाडांची पानं विचित्र दिसायला लागली. हिरव्यावर चांदीचा वर्ख बसवल्यासारखी. आधी मला ती सुंदरच वाटली. ऑगस्टपर्यंत त्या फांद्या वाळल्या. आजोबांनी एक फांदी कापून तिचा छेद मला दाखवला. बाहेरून चांगलं लाकूड आणि मधोमध तपकिरी डाग, चहा सांडल्यासारखा. "सिल्व्हर लीफ," एवढंच म्हणाले आणि हातातली करवत पुसत राहिले.

ही बुरशी आहे. तिचे बीजाणू दमट हवेत, विशेषतः शरद ऋतूपासून वसंतापर्यंत, हवेतून येतात आणि ताज्या जखमेतून आत शिरतात. म्हणून डॅमसन, प्लम, चेरी या सगळ्यांची छाटणी उन्हाळ्यात करायची. जूनच्या मध्यापासून ऑगस्टअखेरपर्यंत, कोरडा दिवस बघून. तेव्हा झाड जोमात असतं, जखम लवकर भरते. रोग लागलाच तर डाग दिसेनासा झाल्यावर आणखी 10 ते 15 सेंटीमीटर निरोगी लाकूड घेऊन कापायचं, प्रत्येक कापानंतर हत्यार स्पिरिटने पुसायचं, कापलेलं तिथे ठेवायचं नाही. आम्ही उशीर केला. मेलेल्या खोडावर जांभळट कडांच्या बुरशीच्या पापुद्र्या आल्या तेव्हा दोन्ही झाडं मुळापासून काढावी लागली.

तसंही डॅमसनला छाटणी फार लागत नाही. मेलेलं, एकमेकांवर घासणारं आणि आत दाटी करणारं तेवढं काढायचं. मुळांतून धुमारे येतात ते कोवळे असतानाच ओढून काढायचे.

बाकी प्रश्न विचारा, सुचेल तसं लिहीन. तोडणीबद्दल वेगळं लिहायचंय, कारण तिथे सगळ्यात जास्त घाई होते.

नवखी | 19 ऑगस्ट

ती मैत्रीण मीच. जानेवारीचं काम रद्द केलंय. पण आता फळं पूर्ण निळी झालीत, शेजारी म्हणतात पक्षी खातील. तोडू का या शनिवारी?

परसदार | 19 ऑगस्ट

नको! अजिबात नको. डॅमसन निळं होतं ते पिकायच्या दोन-तीन आठवडे आधीच. पहिल्या वर्षी मीही रंगाला भुलून ऑगस्टच्या शेवटच्या आठवड्यात चार बादल्या तोडल्या. मुरांबा घशाखाली उतरेना, दुप्पट साखर घातली तरी तुरटपणा तसाच.

रंग बघू नकोस, हात लाव. फळ देठाजवळ दाबून बघायचं, तिथे किंचित मऊ लागलं पाहिजे. मग हलकेच वळवायचं. पिकलं असेल तर हातात येतं, ओढावं लागलं तर राहू दे. एक कापून बघ, गर हिरवा असेल तर कच्चं, मधासारखा पिवळा झाला की तयार. झाडाखाली एखाद-दुसरं चांगलं फळ आपोआप पडायला लागलं की दिवस जवळ आले समज. (किडकी फळं आधीच गळतात, त्यांच्यावर जाऊ नकोस.) माझ्याकडे साधारण सप्टेंबरच्या मध्याला तोडणी येते. यंदा वसंत आणि उन्हाळा दोन्ही कोरडे, उबदार गेले, त्यामुळे आठवडाभर आधी येईल असं दिसतंय.

द्राक्षबाग | 20 ऑगस्ट

ताई, मी निफाडचा. आमची उभी हयात छाटणीत गेली. एप्रिलमध्ये एकदा, ऑक्टोबरमध्ये एकदा, आणि तारीख चार दिवस चुकली तर वर्ष गेलं, म्हणून तुमचं दुःख समजतं. आम्ही मोठ्या कापावर बोर्डो पेस्ट (मोरचूद आणि चुन्याची) लावतो. तुम्ही काही लावत नाही का? आणि हे झाड आमच्याकडे येईल का? महाबळेश्वरला तरी?

परसदार | 20 ऑगस्ट

दादा, तुमच्यासारख्या माणसाने वाचलं, बरं वाटलं. इथे घरगुती बागेसाठी बोर्डो मिश्रण आता विकत मिळत नाही. उन्हाळ्यात कापलं तर झाडच जखम भरून काढतं, म्हणून मी काही लावत नाही.

आपल्याकडे येणार नाही. याला हिवाळ्यात कित्येक आठवडे सलग थंडी लागते, तीही चार-पाच अंशांच्या आसपासची. ती विश्रांती मिळाली नाही तर फांदीवरचे डोळे धड फुटतच नाहीत. महाबळेश्वरची थंडी आपल्याला कडक वाटते, पण या झाडाला ती पुरायची नाही.

द्राक्षबाग | 20 ऑगस्ट

बरोबर. द्राक्षाचं थोड्या थंडीवर भागतं, आणि डोळे एकसारखे फुटावेत म्हणून आम्ही छाटणीनंतर हायड्रोजन सायनामाइड लावतो. पण जिथे थंडीच नाही तिथे औषध किती पुरं पडणार. आमच्या बांधाला करवंदं बरी. तीही काटेरी कुंपणातच येतात, तीही कच्ची तोडली की चीक आणि आंबट.

कलम कशावर असतं याचं? आमच्याकडे डॉगरिज जातीचा खुंट (कलमाखालचं मुळांचं रोप) चालतो.

परसदार | 20 ऑगस्ट

कुंपणातली जुनी झाडं स्वतःच्याच मुळांवर आहेत, धुमाऱ्यांपासून वाढलेली. म्हणून एक मेलं तरी शेजारचा धुमारा तसाच्या तसा वाण देतो. मी गेलेल्या दोनांपैकी एकाच्या जागी तसाच धुमारा वाढवलाय, यंदा माझ्या खांद्याएवढा झालाय. कलमी झाडाचा धुमारा मात्र ठेवायचा नाही, तो नुसत्या खुंटाचा असतो.

नर्सरीतलं कलम घ्यायचं तर दोन खुंट प्रचलित आहेत. सेंट ज्युलियन ए वर झाड चार मीटरच्या आसपास जातं, पिक्सीवर अडीच-तीन मीटर. लहान परसाला पिक्सी, पण त्याला जमीन चांगली लागते आणि पाणी सांभाळावं लागतं. मी 2019 च्या नोव्हेंबरात सेंट ज्युलियनवरचं मेरीवेदर लावलं. नॉटिंगहॅमशायरमधल्या साउथवेलच्या मेरीवेदर नर्सरीने 1907 साली आणलेला वाण, फळ जरा मोठं आणि गोडसर. उघड्या मुळांची रोपं नोव्हेंबर ते मार्च मिळतात, कुंडीतल्यापेक्षा स्वस्त पडतात आणि चांगली लागतात. कलमाचा सांधा मातीच्या वर राहिला पाहिजे. एकच झाड असलं तरी चालतं, स्वतःच्या परागावर फळ धरतं.

पहिलं फळ 2023 ला आलं. अकरा. मोजली होती.

मिशिगनवासी | 21 ऑगस्ट

ताई, एक भर घालतो, कारण आमच्याकडचं कोणी हा धागा वाचून हिवाळ्यात कात्रीला हातच लावणार नाही असं नको व्हायला. उत्तर अमेरिकेत डॅमसनचा मोठा शत्रू म्हणजे ब्लॅक नॉट. फांदीवर कोळशासारख्या काळ्या, खरखरीत गाठी येतात, जशी काही विष्ठा फांदीला लिंपून ठेवलीय. त्यातून वसंतात बीजाणू उडतात. त्यामुळे पानं नसताना, हिवाळा संपता संपता, गाठी शोधून काढाव्या लागतात. पानगळीनंतर त्या स्पष्ट दिसतात. गाठीच्या खाली निदान 10 सेंटीमीटर चांगली फांदी घेऊन कापायचं, आणि कापलेलं जाळायचं किंवा खोल पुरायचं. कुंपणालगतच्या रानटी चेरीवरही गाठी असतात, त्या ठेवल्या तर आपलं झाड पुन्हा धरतं.

शिवाय इथे प्लम कर्क्युलिओ नावाचा सोंडेवाला भुंगा आहे. छोट्या फळावर चंद्रकोरीसारखा व्रण दिसला की आत अंडं आहे असं समजायचं. ती फळं गळतात, रोज वेचून बाहेर टाकली तरच पुढची पिढी आटोक्यात राहते.

परसदार | 21 ऑगस्ट

हे फार बरं झालं लिहिलंत. माझं सगळं इंग्लंडपुरतं समजावं. आपल्या भागात कोणता रोग आहे ते आधी बघा, मग कात्री कधी ते ठरवा.

इथला किडा वेगळा. फळ फोडलं की बाठीजवळ गुलाबीसर अळी आणि तिची काळपट घाण. प्लम मॉथ. मी मे महिन्यात एक सापळा टांगते, त्यात मादीच्या वासाची गोळी असते, नर येऊन चिकटतात.

द्राक्षबाग | 21 ऑगस्ट

कामगंध सापळा. आमच्याकडे टोमॅटो-वांग्यात घरोघरी लावतात.

परसदार | 21 ऑगस्ट

कामगंध! आठ वर्षं मी "तो चिकट डबा" म्हणतेय. आजपासून हाच शब्द.

तिरफळ | 22 ऑगस्ट

लीड्सहून. आमच्या झाडाला फुलंच येत नाहीत. झाड धडधाकट, पानं मस्त, वय सात. एप्रिलमध्ये जेमतेम चार फुलं. कोण खातंय?

परसदार | 22 ऑगस्ट

जानेवारी-फेब्रुवारीत झाडावर गुबगुबीत, लाल-नारिंगी छातीचे, काळ्या टोपीचे पक्षी जोडीने बसलेले दिसतात का? बुलफिंच. ते कळ्या एकामागून एक सोलून खातात, फांदीखाली कळ्यांच्या टरफलांचा भुगा दिसतो. लहान झाडावर जाळी टाकता येते, पण ती ताणून बांधा, ढिल्या जाळीत पक्षी अडकून मरतात. मी मोठ्या झाडांवर काहीच करत नाही, त्यांच्या वाटचं जातं तेवढं जातं.

दुसरं कारण फ्रॉस्ट. 2021 चा एप्रिल आठवतोय ना, रात्रीमागून रात्र शून्याखाली. पाचांपैकी उरलेल्या माझ्या तीन झाडांची फुलं देखणी उमलली आणि आठवड्यात आतून काळी पडली. त्या वर्षी एक फळ नाही. 2022 ला त्याच झाडांनी 34 किलो दिलं. एक फांदी वजनाने मोडली, तेव्हापासून जास्त फळ धरलं की जुलैतच खालून टेकू देते.

साळगावची | 23 ऑगस्ट

सगळं झाडाबद्दलच चाललंय, खायचं कधी सांगणार? माझ्या इंग्रज जाऊबाई दर नाताळला डॅमसन चीज नावाचा गडद वडीसारखा पदार्थ पाठवतात. नाव चीज, पण दुधाचा थेंब नाही. पहिल्यांदा खाल्ला तेव्हा डोळ्यांसमोर माझी आजी उभी राहिली. ही तर आमची पेराद! गोव्यात पेरूचा गर आणि साखर आटवून, तूप लावलेल्या ताटात थापून शंकरपाळ्यासारखी कापतात, नाताळच्या कुस्वारात (फराळात) ती हवीच.

परसदार | 23 ऑगस्ट

अगदी तेच! कृती देते. फळं थोड्या पाण्यात मऊ शिजवायची, मग चाळणीवर घासून गर काढायचा. बाठ्या आणि साली चाळणीत राहतात. (बाठ्यांसकट मिक्सरला लावू नका, फुटलेल्या बाठीतला गर पोटात जाणं चांगलं नाही.) गराच्या वजनाइतकी साखर, जाड बुडाचं पातेलं, मंद आच. सतत ढवळायचं, नाहीतर तळाला लागतं आणि बुडबुडे हातावर उडतात, म्हणून लांब दांड्याचा कालथा. तो मधून ओढला की तळ दिसला पाहिजे आणि वाट लगेच मिटता कामा नये. तेल लावलेल्या वाट्यांत ओतायचं. महिना-दोन महिन्यांनी चव आणखी खुलते.

मुरांब्याला 1 किलो फळं, 400 मिली पाणी, 1 किलो साखर. आधी नुसत्या पाण्यात साल पूर्ण मऊ होऊ द्यायची, साखर त्यानंतरच, नाहीतर साल चामट राहते. बाठ्या उकळताना वर येतात, झाऱ्याने काढायच्या. यात मुरांबा घट्ट करणारं पेक्टिन भरपूर असतं, वेगळं काही घालावं लागत नाही. फ्रीजमध्ये बशी गार करून त्यावर थेंब टाकायचा, बोटाने ढकलल्यावर सुरकुती पडली की गॅस बंद.

आणि आमच्या घरी आता आमटीत आमसुलाऐवजी हेच. तुरीचं वरण, गोडा मसाला, गुळाचा खडा आणि दोन भाग केलेली चार डॅमसन. पाच मिनिटांत साल फाटते आणि आमटीला कडेने जांभळट तवंग येतो. माझे वडील आले होते तेव्हा त्यांनी वाटी उचलून वास घेतला आणि विचारलं, "आमसूल कुठलं गं हे?"

तिरफळ | 24 ऑगस्ट

बुलफिंचच होता. मागच्या जानेवारीतले फोटो काढून बघितले, पक्ष्याचे म्हणून काढले होते!

फुलं नसली तरी बाजारातून आणून मी मेथांबा करते. तेलात मोहरी, मेथीदाणे, हिंग, हळद, मग डॅमसनचे तुकडे, झाकण ठेवून एक वाफ, मग तिखट, मीठ आणि फळाच्या निम्मा गूळ. कैरीपेक्षा रंग सुरेख. फक्त बाठ्या मोजून काढा, आमच्याकडे पाहुण्यांच्या दाताखाली एक गेली होती.

नवखी | 30 ऑगस्ट

दहा तोडून बघितली. ओढावी लागली. गर हिरवा. थांबते. पण गांधीलमाश्या यायला लागल्यात.

परसदार | 30 ऑगस्ट

त्या आधीच फुटलेल्या फळांवर येतात. खाली पडलेलं रोज वेचून घे, झाडावर कुजून तपकिरी झालेली, वर राखाडी ठिपक्यांची वर्तुळं असलेली फळंही काढून टाक, ती राहिली तर कूज पुढच्या वर्षी तिथूनच सुरू होते. तोडणी सकाळी लवकर कर, गारव्यात गांधीलमाश्या सुस्त असतात. पण दव वाळू दे, ओली फळं बादलीत लगेच कुजतात. झाडाखाली जुनी चादर पसर. मी कोकणातून आईचा झेला (आंबे उतरवायची जाळीची काठी) आणला होता, पण फळं घोसाने येतात, त्यात झेल्याचा उपयोग नाही. आकडीने फांदी खाली ओढायची आणि हाताने तोडायची. फ्रीजमध्ये चार-पाच दिवस टिकतात, नाहीतर धुऊन, कोरडी करून तशीच फ्रीजरमध्ये. आमच्या गौरींच्या पंचामृतात या वेळी चिंचेच्या जागी मागच्या वर्षीची फ्रीजरमधलीच घालणार आहे.

नवखी | 12 सप्टेंबर

आज ऑफिसला जाताना नेहमीसारखं एक वळवून बघितलं. सुटलं. शेजारचं वळवलं, तेही. तिथेच उभी राहून दातांनी फोडलं, आत पिवळं. आंबट आहेच, पण मागून गोड येतंय, आणि जीभ जागेवर आहे. उद्या शनिवार. चादर काढून ठेवलीय, तीन बादल्या आणल्यात, आकडी म्हणून छत्री घेणार आहे. ताई, तू येतेस ना?

परसदार | 12 सप्टेंबर

सातला निघते. मोठं पातेलं माझं आणते, साखर तू घेऊन ठेव. एका झाडाची चार किलो धर.